मुंगोची मराठी : एका अभिवाचनाच्या प्रकल्प नोंदी

१२ जून २०२४

अखेर ठरलं. पन्नास मिनिटांचं अभिवाचन, चार माणसं, नेपथ्य नाही, रंगभूषा नाही. आयरा ऑल्ड्रिज वाचणारा नट (यापुढे 'आमचा आयरा'), सगळ्या बायका वाचणारी ताई, पेटीवाले काका आणि निवेदक मी. संहिताही माझ्याच गळ्यात. खर्च म्हणजे हॉलचं भाडं, झेरॉक्स आणि चहा.

विषय कसा सापडला ते आत्ताच लिहून ठेवतो, नाहीतर पुढे मीच त्याला मुलामा देईन. 'झुंझारराव'साठी टिपणं काढत होतो. देवलांनी शेक्सपिअरच्या ऑथेल्लोचा झुंझारराव केला तो १८९० मध्ये. पण त्याच्याही आधी महादेवशास्त्री कोल्हटकरांचं 'ऑथेल्लो'चं भाषांतर छापलेलं आहे, १८६७ चं. ते साल आणि 'ऑथेल्लो' एवढंच शोधायला टाकलं, तर समोर आलं पोलंडमधलं एक थडगं. गाव वूच (आपल्याकडे नकाशात 'लोड्झ' लिहितात). ७ ऑगस्ट १८६७ ला तिथे एक नट वारला. वय साठ, नुकतंच पूर्ण झालेलं. जन्म न्यूयॉर्कचा, २४ जुलै १८०७. काळा माणूस, आणि चाळीस वर्षं युरोपभर ऑथेल्लो करत फिरलेला.

मी वीस वर्षं नाटकांत लुडबुडतोय. आयरा ऑल्ड्रिज हे नाव पहिल्यांदा वाचलं.

१६ जून

न्यूयॉर्कचा भाग आज लिहिला. आयराचे वडील डॅनियल धर्मोपदेशक. मुलानंही चर्चमध्ये जावं ही त्यांची इच्छा. मुलगा शिकला काळ्या मुलांसाठी काढलेल्या आफ्रिकन फ्री स्कूलमध्ये, पण डोकं नाटकाकडे.

१८२१ मध्ये विल्यम ब्राउन नावाच्या माणसानं काळ्यांचं थिएटर सुरू केलं. हा ब्राउन आधी बोटीवर कारभारी होता. घरामागच्या बागेत थंड पेयं आणि गाणी, मग तिथून नाटक. पहिलं मोठं नाटक 'रिचर्ड द थर्ड'. जेम्स ह्युलेट हा त्यांचा मुख्य नट. गोरे प्रेक्षक येत ते टवाळी करायला. मग पोलीस आले, धरपकड झाली, मोडतोडही झाली. ब्राउननं स्वतः नाटक लिहिलं, किंग शॉटवे नावाच्या कॅरिब सरदाराच्या बंडावर. अमेरिकेत काळ्या माणसानं लिहिलेलं पहिलं नाटक म्हणून त्याची नोंद होते.

पोरगेल्या आयरानं तिथे काम केलं. बाकी वेळी गोऱ्या नटांचे कपडे सांभाळायचं काम. वॉलॅक बंधूंपैकी एकाबरोबर तो १८२४ मध्ये बोटीनं लिव्हरपूलला निघून गेला. अमेरिकेत पुन्हा आला नाही.

ताईचं म्हणणं, ब्राउनवर वेगळं अभिवाचन करा. खरं आहे. पण इथे त्याला चारच मिनिटं आहेत.

२३ जून

घोळ झाला. माझाच.

संहितेचं पहिलं वाक्य होतं: "सेनेगलच्या एका राजघराण्यातला हा तरुण…" सगळ्यांना आवडलं, काकांनी खाली सूरही धरून बघितला. हँडबिलचा मसुदासुद्धा मी छापखान्यात देऊन आलो होतो. 'सेनेगलचा राजपुत्र' ठळक अक्षरांत.

राजपुत्र वगैरे काही नाही. आजोबा फुला जमातीचे राजपुत्र होते ही कथा त्याच्याच हयातीत, १८४९ च्या सुमाराला लंडनमध्ये छापलेल्या एका निनावी चरित्रात आहे. ती त्याच्याच बाजूनं पसरवलेली. आणि जाहिरातींमध्ये तो सर्रास 'सेनेगलचा मूळ रहिवासी' असायचा. न्यूयॉर्कच्या उपदेशकाचा मुलगा कोण बघायला येणार? आफ्रिकेचा राजपुत्र म्हटलं की तिकीट खपतं.

छापखान्यात फोन केला. सुदैवानं प्लेट झाली नव्हती.

आता ते वाक्य फेकायचं की ठेवायचं? ठेवायचं. पण सांगणारा निवेदक नसेल. आमचा आयरा स्वतः, उभा राहून, जाहिरातीच्या सुरात म्हणेल. आणि ताई बसल्याजागी म्हणेल, "न्यूयॉर्क." एवढंच.

३० जून

आज तीन तास एकाच कागदावर गेले. एका इंग्लिश गावातल्या त्याच्या खेळाची जाहिरात, स्कॅन केलेली. उभा, चिंचोळा कागद, आपल्या जुन्या नाटक कंपन्यांच्या हँडबिलांसारखाच. सगळ्यात मोठा टाइप नाटकाच्या नावाला नाही, नटाच्या बिरुदाला: 'आफ्रिकन रोशियस'. रोशियस हा प्राचीन रोमचा थोर नट. तेव्हा कुठल्याही चांगल्या नटाला लोक रोशियस म्हणायचे, जसा आपल्याकडे प्रत्येक गावात एकेक बालगंधर्व असायचा. पण मूळ रोशियस गुलाम म्हणून जन्मला होता, हे त्या जाहिराती छापणाऱ्यांच्या डोक्यात असेल असं वाटत नाही.

मोठा टाइप सोडून खाली सरकलो. 'ऑथेल्लो' संपल्यावर, त्याच तिकिटात, 'द पॅडलॉक'. आणि त्यात मुंगोच्या भूमिकेत पुन्हा हाच.

म्हणजे आपलं आख्यान आणि मग फार्स. अगदी तेच. प्रेक्षक आधी रडून घेणार, मग हसून घरी जाणार.

'द पॅडलॉक' १७६८ चं, लंडनच्या ड्रुरी लेन थिएटरमधलं. शब्द बिकरस्टाफचे, संगीत डिब्डिनचं. पहिला मुंगो स्वतः डिब्डिनच झाला होता, गोरा माणूस, तोंडाला काळं फासून. गोष्ट साधी. म्हातारा डॉन डिएगो तरुण मुलीशी लग्न करायचं म्हणून तिला घरात कोंडतो, दाराला भलंमोठं कुलूप लावतो. (काका लगेच म्हणाले, "ही तर शारदा!" देवलांनी ऑथेल्लोही केला आणि म्हाताऱ्याचं लग्नही. योगायोग आहे, त्यावर इमले नकोत.) मुंगो हा त्या घरातला गुलाम. मार खातो, गाणं म्हणतो, दुसऱ्या अंकात तळघरातली दारू पिऊन मालकाला उलट उत्तरं देतो. मोडकं इंग्रजी बोलतो. ते मोडकं इंग्रजी हाच विनोद.

मी ज्या ज्या कोणाला आयराबद्दल सांगितलं त्यांना ऑथेल्लोच सांगितला. थोर शोकनट, भारदस्त फोटो. मुंगो सांगितला नव्हता, कारण मुंगो अडचणीचा आहे. त्याच रात्री, त्याच घशानं, तासाभरापूर्वी बायकोला, डेस्डिमोनाला मारून मेलेला माणूस उठून चेहरा पुसतो आणि विंगेतून नोकर होऊन येतो. वर्षानुवर्षं.

अभिवाचन इथेच आहे. बाकीचं चरित्र त्याच्या आजूबाजूला लावायचं.

७ जुलै

मुंगोचं गाणं मराठीत करायला बसलो. मूळ अर्थ असा: कसलं हे आयुष्य, कुत्र्याचं बरं, त्याला निवारा तरी आहे. रात्रंदिवस तेच, माझं दुखणं हा त्यांचा खेळ. जे काही असेल त्यासाठी काळ्यानं पळायचं. मुंगो इथे, मुंगो तिथे, मुंगो सगळीकडे. ये म्हटलं की ये, जा म्हटलं की जा. देवा, मेलो असतो तर बरं.

हे विनोदी गाणं आहे. चाल उड्या मारणारी. लोक हे ऐकून हसत. शब्द नीट वाचले तर हसायला जागा कुठे आहे? जागा आहे ती उच्चारांत. 'द' हा आवाज त्याला येत नाही, क्रियापदं मोडतात, 'मी' च्या जागी 'मला' म्हणतो. तेवढं पुरतं.

पहिलं भाषांतर पाऊण तासात झालं. लवकर झालं तेव्हाच शंका यायला हवी होती.

"मुंगो हितं, मुंगो तितं, मुंगो समद्या वाटंला, धनी म्हनं ये रं ये, धनी म्हनं जा की रं…"

वाचून दाखवलं. काकांनी पेटीवर ठेका धरला. छान बसलं. आमचा आयरा गप्प.

९ जुलै

आमच्या आयराचा फोन. सरळ म्हणाला, "दादा, हे मी वाचणार नाही. हे माझ्या आजीचं बोलणं आहे."

१४ जुलै

तालीम कमी, भांडण जास्त. कामाचं भांडण, म्हणून लिहितो.

त्याचा मुद्दा: मराठी नाटकात नोकर आला की तो 'म्हनं' आणि 'समदं' बोलतो. शतकभर हेच चाललंय. मालक पुस्तकी बोलणार, गडी गावाकडचं. आणि ते ऐकून हॉलमध्ये खसखस पिकते. गावाकडचं बोलणं मोडकं नाही, ते पूर्ण आहे, त्याचं व्याकरण आहे. मुंगोचं मोडकं इंग्रजी दाखवायला आजीची भाषा घेतली तर आजीची भाषा मोडकी ठरते.

काकांचा मुद्दा: मग मालवणी घ्या, किंवा वऱ्हाडी. ताई म्हणाली, "म्हणजे दुसऱ्याची आजी."

मी म्हणालो, मग मोडकी मराठी करू, परकं माणूस बोलेल तशी. "मी जाते, मी करते" छाप. पण त्यातही मराठी न येणाऱ्या बाहेरच्या माणसावर हसणं आहेच, आणि ते तर आजकाल बघायचं म्हटलं तरी नको वाटतं.

दोन तासांनी शिल्लक राहिलं ते असं. बिकरस्टाफनं जे केलं तेच मी पाऊण तासात केलं होतं, मराठीत, कोणी न सांगता. त्यानं निदान वेस्ट इंडीजच्या काळ्यांची बोली कानावर पडली असेल तशी लिहायचा प्रयत्न केला होता. मी तेवढेही कष्ट घेतले नव्हते. हात आपोआप तिकडे गेला.

गाणं नव्यानं करायचं. शुद्ध-अशुद्ध काही नाही, आखूड शब्द, साधी मराठी. मोडायची ती फक्त लय.

२१ जुलै

झालं बहुतेक.

"वर मुंगो, खाली मुंगो,
आत मुंगो, दारी मुंगो,
ये म्हणा, आला मुंगो,
जा म्हणा, गेला मुंगो.
हे कर, ते कर, पुन्हा कर,
देवा, मरण दे लवकर."

काकांनी ठेका तोच ठेवला, उड्या मारणारा. 'लवकर'वर पेटी अचानक बंद. आमचा आयरा दोनदा वाचून म्हणाला, "हे जमेल." मग चहा.

२४ जुलै

आज त्याचा वाढदिवस, २१७ वा. काका जिलेबी घेऊन आले.

कॉव्हेंट गार्डनचा प्रवेश बसवला. संहितेतला सगळ्यात भरलेला भाग हाच, त्यामुळे टिपण लांबणार.

त्याआधीचं थोडक्यात. १८२५ च्या मे महिन्यात, सतरा वर्षांचा असताना, लंडनच्या रॉयल्टी थिएटरमध्ये त्यानं ऑथेल्लो केला. नाव लावलं 'कीन', कारण तेव्हाचा सगळ्यात मोठा नट एडमंड कीन. ऑक्टोबरमध्ये कोबर्ग थिएटरमध्ये सुरीनामच्या गुलामांच्या बंडावरचं नाटक. त्यावर 'टाइम्स'नं लिहिलं की ओठांच्या ठेवणीमुळे याला इंग्रजी उच्चार करणं शक्यच नाही. (घरी इंग्रजीच बोलणारा, न्यूयॉर्कला शिकलेला मुलगा!) लंडननं दार लावलं, म्हणून तो गावोगाव हिंडला. १८२८ मध्ये विशीतच कॉव्हेंट्रीच्या थिएटरचा काही महिने व्यवस्थापक होता. गावानं गुलामीविरुद्ध पार्लमेंटला अर्ज केला, त्यामागे त्याच्या नाटकांचा आणि भाषणांचा हात होता असं तिथले लोक आजही सांगतात. २०१७ मध्ये तिथे निळी पाटी लागली. अनावरण केलं अर्ल कॅमेरून या शंभरीला टेकलेल्या नटानं. आवाजाची तालीम त्याला एके काळी आयराच्या मुलीनं दिली होती.

आता १८३३. २५ मार्चला एडमंड कीन कॉव्हेंट गार्डनमध्ये ऑथेल्लो करताना रंगमंचावरच कोसळला. समोर इयागोच्या भूमिकेत त्याचाच मुलगा चार्ल्स. कीन पुन्हा उभा राहिला नाही, १५ मे रोजी गेला. मधल्या रिकाम्या जागी, १० एप्रिलला, व्यवस्थापक लापोर्त यानं ऑल्ड्रिजला आणलं. एके काळी कीनच्या नावाला घासून नाव लावणारा मुलगा आता खरोखर कीनच्या जागी. डेस्डिमोना एलन ट्री. गावात इन्फ्लुएन्झाची साथ. आणि पार्लमेंटमध्ये गुलामी रद्द करायच्या कायद्याची धामधूम.

प्रेक्षकांनी टाळ्या दिल्या. वर्तमानपत्रांतल्या काहींनी शिव्या. 'अथेनियम' साप्ताहिकाचा मुख्य आक्षेप अभिनयावर नव्हताच. एलन ट्रीसारख्या कुलीन नटीला या माणसानं रंगमंचावर हात लावावा, यावर होता. त्यांनी वापरलेलं क्रियापद जनावराच्या पंजाचं आहे. मराठी काय करायचं? 'हाताळणं' फार सभ्य. 'पंजे मारणं' म्हणजे ओरबाडणं, तेही नाही. ताई म्हणाली, "अंगचटीला येणं." आमच्या लहानपणी बसमध्ये, लग्नघरात बायका दबक्या आवाजात म्हणायच्या तो शब्द. बसला. सभ्य माणसाच्या तोंडचा घाणेरडा शब्द.

ताईच तो उतारा वाचते. एलन ट्री वाचणारीच बाई. ही माझी कल्पना नाही, तिची.

दोन खेळ झाले, १० आणि १२ एप्रिलला. पुढचे रद्द.

२८ जुलै

कायद्याचा भाग. जेमतेम दोन मिनिटं द्यायचे होते, पण काकांनी प्रश्न विचारत विचारत सात केले.

२८ ऑगस्ट १८३३ ला कायदा झाला, १ ऑगस्ट १८३४ पासून लागू. सरकारनं दोन कोटी पौंड नुकसानभरपाई दिली. गुलामांना नाही, मालकांना. त्या कर्जाची फेड २०१५ मध्ये पुरी झाली. काका म्हणाले, "आपलं हप्त्यांचं बरं आहे म्हणायचं."

ईस्ट इंडिया कंपनीचा मुलूख त्या कायद्यातून वगळला होता. म्हणजे मुंबई इलाखाही. इथला कायदा आला १८४३ चा पाचवा. त्याच वर्षी सांगलीत विष्णुदास भाव्यांनी 'सीता स्वयंवर' केलं. ही दोन सालं मी आजवर कधी शेजारी ठेवली नव्हती. एक आम्ही दर ५ नोव्हेंबरला हार घालून साजरं करतो, दुसरं ठाऊकच नव्हतं.

फुल्यांनी १८७३ मध्ये 'गुलामगिरी' अमेरिकेतल्या लोकांना अर्पण केली, हे मराठी वाचकाला शाळेपासून माहीत असतं. तो उल्लेख घालावा का? मोह होतो. घातला, दोन ओळी वाचल्या, काढून टाकला. तसल्या ओळीवर हॉलमध्ये हमखास टाळी पडते, आणि टाळी पडली की लोकांना वाटतं आपण योग्य बाजूला आहोत, आता घरी जायला हरकत नाही. फुले टाळीसाठी वापरायचे नाहीत.

७ ऑगस्ट

पुण्यतिथी. 'विसरलेला नट' हे शब्द संहितेतून आणि हँडबिलातून काढले.

कारण: कोण विसरलं? वूचमध्ये त्याचं थडगं इव्हँजेलिकल स्मशानभूमीत आहे आणि पोलंडच्या नाट्य-चित्रपट कलावंतांची संघटना त्याची देखभाल करते. २०१४ मध्ये तिथल्या मुख्य रस्त्यावर पाटीही लागली. रशियन आणि युक्रेनियन माणूस त्याला तारास शेवचेन्कोमुळे ओळखतो. त्याचं चरित्र १९५८ मध्ये हर्बर्ट मार्शल आणि मिल्ड्रेड स्टॉक यांनी लिहिलं, नंतर बर्न्थ लिंडफोर्स यांनी आयुष्याची कितीतरी वर्षं घालून चार खंड लिहिले. विसरलो असू तर आपण, आणि मुळात आपल्याला कोणी सांगितलं नव्हतं.

शेवचेन्कोचा प्रवेश मला सगळ्यात आवडतो. १८५२ नंतर ऑल्ड्रिज युरोपात फिरला. तो इंग्रजीत बोलायचा, बाकीचे नट जर्मनमध्ये किंवा जे असेल त्या भाषेत. प्रशियाच्या राजानं सुवर्णपदक दिलं. १८५८ च्या हिवाळ्यात तो सेंट पीटर्सबर्गला आला. शेवचेन्को तेव्हा नुकताच दहा वर्षांच्या हद्दपारीतून सुटलेला. कवी, चित्रकार, आणि जन्मानं भूदास. १८३८ मध्ये त्याची सुटका २५०० रुबल मोजून झाली होती. एक चित्र सोडतीत लावून ती रक्कम उभी केलेली. म्हणजे याची किंमत आकड्यात सांगता येत होती.

दोघांना एकमेकांची भाषा येत नाही. चित्रकार फ्योदर तोल्स्तोय यांच्या (कादंबरीवाले नव्हेत) मुली दुभाषी. शेवचेन्को त्याचं चित्र काढतोय, आणि मॉडेल काही स्वस्थ बसत नाही, मध्येच गायला लागतो. पोरींची हसून पुरेवाट.

भाषांतर करणाऱ्या त्या मुलींपैकी एक पंधराच्या आसपासची होती. मी गेला महिनाभर जे काम करतोय ते.

शेवचेन्को १८६१ मध्ये, भूदासांच्या मुक्तीचा जाहीरनामा वाचला जाण्याच्या काही दिवस आधी गेला. ऑल्ड्रिज १८६७ मध्ये. अमेरिकेतलं यादवी युद्ध संपलं होतं, परतीचा दौरा करायचा बेत चालू होता.

१८ ऑगस्ट

छोटी नोंद. आमचा आयरा आणि मी, रंगभूषेवरून.

ऑल्ड्रिज लिअर, मॅकबेथ, शायलॉक करायचा तेव्हा चेहरा गोरा रंगवायचा, विग आणि दाढी. इकडे गोरे नट ऑथेल्लोसाठी काजळी फासायचे. एकाच काळात, एकाच गावात, दोन रंगपेट्या उलट दिशेनं चालू. 'टायटस अँड्रॉनिकस'मधला ॲरन हा दुष्ट मूर (म्हणजे काळा माणूस) त्यानं नाटक फिरवून लिहून घेतलं आणि सज्जन केला. मिळेल ते काम घेऊन त्याला आतून वाकवायचं, हा त्याचा धंदाच दिसतो. मार्ग म्हणावं तर फार मोठं होईल. धंदा बरोबर आहे.

आमच्यात रंग नाही, हे पहिल्या दिवसापासून ठरलेलं. पण शब्द? 'कृष्णवर्णीय' म्हटलं की माणूस पाठ्यपुस्तकात जाऊन बसतो. 'हबशी' जुना, आपला, पण आज शिवीसारखा पडतो. 'काळा' ठेवला. साधा, आणि आपल्या घरात लग्नाच्या बोलण्यात तो कसा वापरला जातो हे ऐकणाऱ्याला ठाऊक असतं.

१ सप्टेंबर

शेवट सापडला. आठवडाभर चुकीच्या जागी शोधत होतो.

माझा शेवट थडग्यावर होता. फुलं, पोलंडचा पाऊस, काकांचा दरबारी. ताईनं नुसतं बघितलं माझ्याकडे. काढला.

मग मुंगोचे कागद पुन्हा चाळताना हे मिळालं. 'द पॅडलॉक'साठी गुलामीविरोधी एक उपसंहार १७८७ मध्ये लंडनच्या एका मासिकात छापून आला होता. नाटक संपल्यावर मुंगोनं पुढे येऊन म्हणायचा. सुरुवात अशी: आभारी आहे, मालक, हसून झालं पोटभर? मग आता मला बोलू द्या, आणि ही मोकळीक घेतली म्हणून रागावू नका.

१७८७! आयरा जन्मायच्या वीस वर्षं आधी.

हा मजकूर आयराच्या तोंडी घालायचा नाही. छापील कागद आहे, निवेदक तो कागद म्हणूनच वाचेल, सालासकट. आमचा आयरा नुसता उभा राहील.

'मालक' की 'धनी' यावर पुन्हा अर्धा तास. 'धनी' गोड आहे, तमाशातला आहे. 'मालक' आज रिक्षावालाही म्हणतो, पानवालाही. मालक.

२२ सप्टेंबर

पहिलं वाचन. बेचाळीस माणसं. पंखा आवाज करत होता म्हणून बंद केला, त्याबद्दल दोघांनी तक्रार केली. हँडबिलावर 'ऑल्ड्रिज'चं 'ऑड्रिज' झालं आहे. ती चूक प्रूफ बघणाऱ्याची, म्हणजे माझी.

कॉव्हेंट गार्डन उत्तम. 'अंगचटीला'वर पहिल्या रांगेतल्या एक बाई सरळ होऊन बसल्या. शेवचेन्को उत्तम.

मुंगो सपशेल पडला.

कोणी हसलंच नाही. गाणं झालं, दारूचा प्रवेश झाला. आमच्या आयरानं जिवापाड केला, मालकाच्या दारावर धडका, उचकी, सगळं. आणि बेचाळीस सुशिक्षित चेहरे शोकसभेत बसल्यासारखे. मग मी कागद उचलला आणि वाचलं, "हसून झालं पोटभर?" इतकं खोटं वाटलं की पुढची ओळ माझ्याच घशात अडकली.

चहाच्या वेळी सगळे म्हणाले, फार महत्त्वाचा विषय. असं म्हणाले की समजायचं.

२४ सप्टेंबर

चूक प्रास्ताविकात होती. सुरुवातीला मी चार मिनिटं बोललो: वंशभेद, त्या काळची दृष्टी, संवेदनशील मजकूर. म्हणजे लोकांना आधीच सांगून टाकलं की इथे हसायचं नाही. मग ते कसे हसतील? मुंगोवर हसलेले लंडनचे लोक वाईट होते आणि आपण नाही, एवढं घेऊन ते निवांत बसले.

प्रास्ताविक पूर्ण कापलं. जाहिरातीपासून थेट सुरुवात.

दुसरं, दारूचा प्रवेश आम्ही घाबरत घाबरत बसवला होता. आमच्या आयराला म्हटलं, फार्स म्हणून कर. तो म्हणाला, "फार्स केला तर मी चांगला करतो, तुम्हाला माहीत आहे." मग थोडं थांबून, "त्याचंही हेच झालं असणार ना?"

काकांना सांगितलं, उचकीला पेटीची साथ द्या.

६ ऑक्टोबर

तालीम. दारूचा प्रवेश चारदा. चौथ्यांदा ताई हसून खुर्चीवरून उठली. ठेवलं.

१९ ऑक्टोबर, सांगली

दुसरं वाचन, एका मित्राच्या वाड्याच्या माडीवर. तीसेक माणसं, बरीच शेजारची, दोन शाळकरी पोरं, एक आजोबा ज्यांना मुळात भजन आहे असं सांगून आणलं होतं.

"सेनेगलच्या राजघराण्यातला हा तरुण…" "न्यूयॉर्क." इथेच पहिला हशा. मोकळा, विश्वासाचा.

ऑथेल्लोचा शेवट शांत. मग मध्ये काही नाही, आमच्या आयरानं रुमालानं तोंड पुसलं आणि काकांनी ठेका धरला. गाण्याला पोरं टाळ्या वाजवायला लागली. "लवकर"वर पेटी थांबली तेव्हा त्यांच्या दोन टाळ्या एकट्या वाजल्या. दारूच्या प्रवेशाला माडी हलली. उचकी, पेटी, उचकी, पेटी. भजनवाले आजोबा डोळे पुसत होते, हसून हसून. मीही हसलो, निवेदकाच्या खुर्चीवर, हातात कागद घेऊन. इतक्या वेळा बघूनही.

आमचा आयरा मध्येच थांबला. तोल सावरला, सरळ उभा राहिला. ठरल्याप्रमाणे चार मात्रा.

"१७८७," मी म्हणालो. "आभारी आहे, मालक."

तिसऱ्या ओळीतला एक माणूस 'मालक'वर पुन्हा हसला, मोठ्यानं. प्रवेश चालूच आहे असं त्याला वाटलं. शेजारच्यानं त्याच्या मांडीवर हात ठेवला.

"हसून झालं पोटभर?"

२० ऑक्टोबर

परतीच्या गाडीत लिहितोय. आमचा आयरा कराडपर्यंत बोलला नाही. मग म्हणाला, चार मात्रा कमी आहेत, सहा करू. काका म्हणाले सहा धरल्या तर लोकांना वाटेल विसरला. पाचवर तडजोड.

पुढच्या हँडबिलात 'ऑल्ड्रिज' नीट बघणे. वाड्यातली सतरंजी आपल्या सामानात आली आहे, परत पाठवणे.